शून्याने भागायला मनाई कोणी केली?

परिमेय संख्येची व्याख्या फळ्यावर लिहिताना आपण शेवटी एक छोटीशी अट जोडतो : छेद शून्य नसावा. पुस्तकात ही अट बहुधा कंसात असते आणि कंसातला मजकूर मुले सहसा वगळतात. तरीही दरवर्षी एखादा मुलगा किंवा मुलगी हात वर करतेच, "का नसावा?" तास संपत आलेला असतो, अभ्यासक्रम मागे पडलेला असतो. "चालत नाही, तसा नियमच आहे," असे सांगून आपण पुढे जातो. मूल खाली बसते. पण गणित म्हणजे कुणीतरी वरून घालून दिलेले नियम, आणि ते का केले हे विचारायचे नसते, अशी त्याची समजूत त्या दिवशी थोडी अधिक पक्की होते.

वास्तविक असा नियम करणारा कुणीच नाही. शून्याने भागायची मोकळीक तुम्हा-आम्हाला आहे. त्या मोकळिकीची किंमत काय पडते, एवढे मात्र हिशेब करून पाहावे लागते. हा हिशेब आठवीच्या मुलाला पुरता समजेल इतका सोपा आहे.

सुरुवात मुलांच्या उत्तरांपासूनच करावी. ६ ÷ ० किती, असे विचारले की वर्गातून साधारण तीन उत्तरे येतात. कुणी म्हणते शून्य. कुणी म्हणते सहा, कारण "कशानेच भागले नाही, म्हणजे सहा तसेच राहिले." आणि ज्याने कुठेतरी काही वाचले आहे तो म्हणतो, अनंत.

या तिन्ही उत्तरांना मोठी परंपरा आहे. ब्रह्मगुप्ताने इ.स. ६२८ मध्ये लिहिलेल्या 'ब्राह्मस्फुटसिद्धान्ता'त शून्यासह गणित करण्याचे नियम दिले. बेरीज, वजाबाकी, गुणाकार यांचे त्याचे नियम आपण आजही तसेच शिकवतो. भागाकाराशी मात्र तो अडखळला. शून्याला शून्याने भागले तर शून्य, असे त्याने सांगितले. इतर संख्येला शून्याने भागले तर येणाऱ्या राशीला त्याने 'तच्छेद' असे नाव दिले आणि तो पुढे गेला. इ.स. ८५० च्या सुमारास महावीराचार्याने 'गणितसारसंग्रहा'त सांगितले की शून्याने भागलेली संख्या बदलत नाही. म्हणजे आपल्या वर्गातले "सहा तसेच राहिले" हे उत्तर! आणि तिसरे उत्तर भास्कराचार्यांचे.

भास्कराचार्यांचा जन्म १११४ चा. आपले गाव सह्याद्रीच्या परिसरात असल्याचे त्यांनीच लिहून ठेवले आहे. जळगाव जिल्ह्यात चाळीसगावजवळ पाटण म्हणून ठिकाण आहे. तिथे त्यांचा नातू चांगदेव याने आजोबांच्या ग्रंथांच्या अभ्यासासाठी मठ स्थापला. चांगदेव हा यादव राजा सिंघण याच्या पदरी ज्योतिषी होता. या मठाची नोंद करणारा, इ.स. १२०७ च्या सुमाराचा शिलालेख तिथे सापडला. एकोणिसाव्या शतकात डॉ. भाऊ दाजी लाड यांनी तो अभ्यासकांपुढे आणला. गणिताच्या ग्रंथांचा अभ्यास चालू राहावा म्हणून देणग्या लिहून दिल्याचा हा पुरावा महाराष्ट्रातल्या प्रत्येक गणितशिक्षकाने एकदा तरी जाऊन पाहावा असा आहे.

तर या भास्कराचार्यांनी 'बीजगणित' या ग्रंथात ३ ÷ ० अशा राशीला 'खहर' म्हटले. ख म्हणजे आकाश, अर्थात शून्य; ते ज्याचा हर, म्हणजे छेद आहे ती राशी. ही राशी अनंत आहे, तिच्यात काहीही मिळवा किंवा तिच्यातून काहीही काढा, ती बदलत नाही, असे ते सांगतात आणि प्रलयकाळी व सृष्टीच्या उत्पत्तीच्या वेळी अनेक जीव आत गेले-बाहेर आले तरी न बदलणाऱ्या ईश्वराची उपमा देतात. उपमा भव्य आहे. तिची परीक्षा आपण थोड्या वेळाने घेऊ.

आधी पहिली दोन उत्तरे. भागाकाराचा पडताळा कसा घ्यायचा हे मुलांना तिसरीपासून ठाऊक असते. १२ ÷ ३ = ४, कारण ४ × ३ = १२. खरे तर हा नुसता पडताळा नसून भागाकाराचा अर्थच आहे. '६ ÷ ० किती?' याचा अर्थ 'कोणत्या संख्येला शून्याने गुणले असता ६ येतात?' आता शून्य हे उत्तर धरा : ० × ० = ०, सहा नाहीत. सहा हे उत्तर धरा : ६ × ० = ०, सहा नाहीत. मुलांना हवी ती संख्या घेऊन पाहू द्या, हजार, दशलक्ष, उणे सात. उजवीकडे सहा कधीच उमटत नाहीत.

हेच नागपूरच्या मुलांना त्यांच्या गावातल्या एका ओळखीच्या जागी नेऊनही दाखवता येते. विधानभवनाजवळ झिरो माइलचा खांब आहे. हा भारताचा नेमका मध्य आहे की नाही, हा वाद बाजूला ठेवू. खांबाशी अंतर शून्य आणि तिथून निरनिराळ्या गावांची मैलांतली अंतरे दगडावर कोरलेली, एवढे आपल्याला पुरे. जबलपूर इथून साधारण १७० मैल. रोज दहा मैल चालणारा माणूस १७० ÷ १० = १७ दिवसांत पोहोचेल. रोज एक मैल चालणारा १७० दिवसांत. रोज अर्धा मैल चालणारा ३४० दिवसांत, मैलाचा दहावा भाग चालणारा १७०० दिवसांत. आणि रोज शून्य मैल चालणारा?

मुले म्हणतील, "त्याला अनंत दिवस लागतील." इथे थांबून नीट बोलायला हवे. "अनंत दिवसांनी पोहोचेल" असे म्हटले की कधीतरी पोहोचेल असा भास होतो. हा गृहस्थ खांबाला टेकून उभाच आहे, तो पोहोचणारच नाही. १७० ÷ ० या प्रश्नाला उत्तर म्हणून सांगावी अशी दिवसांची संख्याच नाही.

आता प्रश्न थोडा बदला. जायचे आहे झिरो माइललाच आणि रोजची चाल शून्य मैल. किती दिवसांनी पोहोचेल? आज पोहोचला, पाच दिवसांनीही पोहोचलेलाच असेल, शंभर दिवसांनीही. ० ÷ ० चे उत्तर ५ म्हणा, ५ × ० = ० हा पडताळा बरोबर. १०० म्हणा, तोही बरोबर. म्हणजे दोन्हीकडे अडचण आहे, पण ती निरनिराळी. ६ ÷ ० ला एकही उत्तर नाही. ० ÷ ० ला सगळीच उत्तरे आहेत. ब्रह्मगुप्ताने त्यांतले एक, शून्य, निवडले. पण तेच का निवडावे याला काही कारण देता येत नाही. हा फरक पुष्कळ पुस्तकांत एका वाक्यात गुंडाळला जातो, तो तसा गुंडाळू नये.

वर्गातला एखादा हुशार मुलगा इथे म्हणेल, "सर, वजा एकचे वर्गमूळही नव्हते. मग एक नवी संख्या तयार केलीच ना? तशी १ ÷ ० साठी करू या." ही शंका फार मोलाची आहे आणि 'चालत नाही' म्हणून तिला गप्प करणे हा अन्याय आहे. करून पाहू या. १ ÷ ० या नव्या संख्येला 'ख' म्हणू. भागाकाराच्या अर्थानुसार ख × ० = १ असायला हवे.

आता ० म्हणजे ० + ०. म्हणून ख × ० = ख × (० + ०). वितरण गुणधर्माने उजवी बाजू होते ख × ० + ख × ०. म्हणजे १ = १ + १, अर्थात १ = २. दोन्हीकडून १ वजा करा : ० = १.

एकदा ० = १ मान्य केले की कोणत्याही संख्येने दोन्ही बाजूंना गुणता येते : ० = ५, ० = ७३, ० = काहीही. सगळ्या संख्या एकच होऊन बसतात. असे अंकगणित अस्तित्वातच नाही असे मात्र समजू नका. ज्यात शून्य ही एकच संख्या आहे अशा गणितात शून्याने भागणे अगदी निर्धोक असते, आणि गणितज्ञांना ते माहीत आहे. अडचण इतकीच की त्या अंकगणितात संत्र्यांची एक पेटी आणि दहा पेट्या यांत फरक करता येत नाही. कॉटन मार्केटमधला कुठलाही व्यापारी हा सौदा मान्य करणार नाही.

वजा एकच्या वर्गमूळाच्या बाबतीतही किंमत द्यावी लागलीच. संमिश्र संख्यांमध्ये लहान-मोठे असा नेहमीचा क्रम टिकत नाही. पण बेरीज-गुणाकाराचे नियम जसेच्या तसे राहिले, जुन्या संख्या एकमेकींपासून वेगळ्या राहिल्या, आणि मोबदल्यात प्रत्येक वर्गसमीकरणाला मुळे मिळाली. तो सौदा फायद्याचा ठरला. 'ख'च्या सौद्यात वितरण गुणधर्म सोडावा लागतो, किंवा मग सगळ्या संख्या गमवाव्या लागतात.

आता 'खहर'. काहीही मिळवले तरी खहर बदलत नाही, म्हणजे ख + १ = ख. दोन्ही बाजूंतून ख वजा केला तर १ = ०. तेव्हा खहर मानायचाच असेल तर त्याच्याशी वजाबाकी करायची नाही, ही अट आलीच. उपमेतला ईश्वर न बदलणारा आहे हे खरे, पण न बदलणारी संख्या हिशेबाला उपयोगी पडत नाही.

तरीही "उत्तर अनंतच आहे" ही भावना सहज जात नाही, कारण भाजक लहान करत नेला की भागाकार वाढत जातो हे झिरो माइलच्या उदाहरणात मुलांनी पाहिलेले असते. या भावनेतला दोष दाखवायला नागपूरचे आकाश फार सोयीचे आहे. नागपूरचा अक्षांश सुमारे २१.१५ अंश उत्तर. हे शहर कर्कवृत्ताच्या दक्षिणेला असल्याने वर्षातून दोनदा सूर्य मध्यान्ही बरोबर डोक्यावर येतो : २६ मेच्या सुमारास आणि पुन्हा १७ जुलैच्या आसपास. त्या दिवशी उभ्या काठीची सावली नाहीशी होते. हाच शून्य सावली दिवस.

एक मीटरची सरळ काठी सपाट जागी उभी करा. ओळंबा लावून ती नीट उभी आहे ना ते पाहा. मध्यान्हीची सावली मोजा आणि काठीची लांबी भागिले सावलीची लांबी हे गुणोत्तर काढा. दहावीच्या मुलांना हा सूर्याच्या उन्नत कोनाचा टॅन आहे हे ओळखता येईल. मध्यान्ह म्हणजे घड्याळातले बारा नव्हेत. मेच्या अखेरीस नागपुरात ती बारा वाजून दहा मिनिटांच्या सुमारास होते.

२२ डिसेंबरला ही सावली ९८-९९ सेंटिमीटर, म्हणजे जवळजवळ काठीइतकीच भरते. गुणोत्तर एकाच्या किंचित वर. २१ मार्चला सावली सुमारे ३९ सेंटिमीटर, गुणोत्तर २.६. १ मेला ११ सेंटिमीटर, गुणोत्तर ९. १५ मेला ४ सेंटिमीटरच्या थोडी वर, गुणोत्तर २४. २२ मेला सावली जेमतेम दीड सेंटिमीटर उरते आणि गुणोत्तर ६५-७० च्या घरात जाते. याच्या पुढे मोजपट्टी हात टेकते, कारण सूर्य हा बिंदू नसून अर्ध्या अंशाची तबकडी आहे आणि सावलीचे टोक जवळपास एक सेंटिमीटर पुसट असते. कल्पनेने मात्र आपण पुढे जाऊ शकतो : हजार, लाख, कोटी. इथवर "अनंत" म्हणणाऱ्याची बाजू भक्कम दिसते.

पण २६ मेनंतर काय होते? सूर्य डोक्याच्या उत्तरेला सरकतो आणि आजवर उत्तरेकडे पडणारी मध्यान्हीची सावली दक्षिणेकडे पडू लागते. उत्तरेकडची लांबी धन धरली तर ही ऋण धरावी लागेल. २१ जूनला ती ४ सेंटिमीटर दक्षिणेकडे असते, गुणोत्तर उणे २५. तिथून तारखा उलट्या, २६ मेकडे वाचत गेलात तर गुणोत्तर उणे पन्नास, उणे हजार, उणे लाख असे घसरत जाते. म्हणजे एका बाजूने शून्य सावलीकडे आलो तर उत्तर धन दिशेने बेफाम वाढते, दुसऱ्या बाजूने आलो तर ऋण दिशेने. खुद्द त्या दिवशीचे उत्तर कोणते लिहायचे, धन अनंत की ऋण अनंत? काठी तीच, जागा तीच, आणि दोन्ही उत्तरांचा हक्क अगदी सारखा.

प्रयोगाची एक व्यावहारिक अडचण आहे. २६ मेला शाळांना सुट्टी असते आणि ऊन असे असते की मुलांना मैदानात उभे करणे योग्य नाही. जुलैतला दिवस ढगांत जातो. माझ्या मते मार्च-एप्रिलमध्ये दर आठवड्याला सावली मोजून आलेख काढावा आणि तो मेपर्यंत पुढे न्यायला सांगावे. विदर्भातल्या शाळा उन्हामुळे उशिरा उघडतात, तरी जुलैच्या पहिल्या आठवड्यात ढग फाटलेच तर तीन सेंटिमीटरच्या आसपासची, दक्षिणेकडे पडलेली सावली मुलांना दाखवता येते. आयुष्यभर उत्तरेकडेच सावली पाहिलेल्या मुलाला तिचे नवल वाटते.

संगणक बनवणाऱ्यांपुढे हाच प्रश्न उभा राहिला. दशांश संख्यांच्या हिशेबासाठी १९८५ मध्ये ठरलेल्या 'आयईईई ७५४' या मानकात त्यांनी गमतीदार तोडगा काढला : यंत्रात शून्येच दोन ठेवली, एक धन शून्य आणि एक ऋण शून्य. जणू उत्तरेकडून नाहीशी झालेली सावली आणि दक्षिणेकडून नाहीशी झालेली सावली. १ भागिले धन शून्य म्हणजे धन अनंत, १ भागिले ऋण शून्य म्हणजे ऋण अनंत. आणि ० ÷ ० ला तिथे उत्तर मिळते 'नॅन', म्हणजे 'ही संख्याच नाही'. हा 'नॅन' स्वतःशीसुद्धा समान धरला जात नाही! पूर्णांकांच्या भागाकारात मात्र बहुतेक संगणकभाषा सरळ चूक दाखवून काम थांबवतात. सप्टेंबर १९९७ मध्ये अमेरिकन आरमाराच्या 'यॉर्कटाउन' या युद्धनौकेवर एका नोंदीत शून्य भरले गेले, संगणकाने त्याने भागायचा प्रयत्न केला आणि एकामागून एक यंत्रणा बंद पडून ती नौका पावणेतीन तासांच्या आसपास समुद्रात निश्चल पडून राहिली.

गणितातही एके ठिकाणी अनंताला रीतसर जागा दिलेली आहे. संमिश्र संख्यांच्या उच्च गणितात सर्व संख्यांपलीकडे एकच 'अनंत' बिंदू जोडतात आणि तिथे १ ÷ ० = अनंत असे खुशाल लिहितात; धन आणि ऋण अनंत हा भेदच ठेवत नाहीत. पण अनंत वजा अनंत आणि शून्य गुणिले अनंत यांना तिथेही उत्तर दिलेले नाही. सौदा तोच, अटी आधी सांगितलेल्या.

आता भास्कराचार्यांकडे पुन्हा एकदा जायला हवे, कारण शून्याच्या बाबतीत त्यांना फक्त अनंतच सुचले असे म्हणणे त्यांच्यावर अन्याय करणारे होईल. 'लीलावती'त त्यांनी एक उदाहरण घातले आहे. एका संख्येला शून्याने गुणले, त्यात त्याचेच अर्धे मिळवले, आलेल्याला तीनने गुणले आणि शून्याने भागले, तर ६३ आले; ती संख्या कोणती? त्यांचे म्हणणे असे की पुढे आणखी क्रिया करायच्या असतील तर शून्याने गुणल्याबरोबर शून्य लिहून मोकळे होऊ नये. ते शून्य गुणक म्हणून शेजारी तसेच ठेवावे. नंतर शून्याने भागायची वेळ आली की दोन्ही शून्ये जातात. मग क्ष आणि त्याचे अर्धे म्हणजे ३क्ष/२, त्याची तिप्पट ९क्ष/२, ती ६३ बरोबर, म्हणून क्ष = १४.

आजच्या नियमांनी हे उत्तर नापास होईल, कारण ० ÷ ० पाशी हवी ती संख्या चालते. पण शून्याच्या जागी एखादी छोटी संख्या, ०.१ किंवा ०.००१, ठेवून पाहा. दर वेळी उत्तर १४ च येते. संख्या कितीही लहान घ्या, १४ हलत नाही. या गणिताचा ग्रहगणितात मोठा उपयोग आहे, असेही भास्कराचार्य सांगतात, आणि ग्रहाच्या 'तात्कालिक गती'चा विचार त्यांनी केला होता हे लक्षात घेतले की या शेऱ्याला वजन येते. एखाद्या क्षणाची गती काढताना शून्य अंतर भागिले शून्य वेळ अशीच अवस्था येते.

अकरावीच्या मुलांना हे पडणाऱ्या दगडाने दाखवावे. गुरुत्वत्वरण सोयीसाठी १० धरले तर 'त' सेकंदांत दगड ५त² मीटर पडतो. बरोबर एका सेकंदाला त्याचा वेग किती? त्यानंतरचा छोटा काळ 'ह' घ्या. त्या काळात तो ५(१ + ह)² − ५ = १०ह + ५ह² इतके मीटर पडतो. 'ह'ने भागा : १० + ५ह. भागताना 'ह' शून्य नव्हता, म्हणून भागाकार कायदेशीर. मग 'ह' शून्याच्या जवळ जवळ नेत जा. उत्तर १० कडे जाते. सावलीच्या उदाहरणात दोन बाजूंनी दोन उत्तरे येत होती, इथे दोन्ही बाजूंनी एकच येते, म्हणून एका सेकंदाला वेग सेकंदाला १० मीटर हे निःशंक सांगता येते. कलनशास्त्राचा सगळा डोलारा याच फरकावर उभा आहे.

राहिली गोष्ट वह्या तपासण्याची. शून्याने उघड उघड भागणारा विद्यार्थी विरळा. चोरून भागणारे मात्र प्रत्येक वर्गात असतात. क्ष² = ५क्ष हे समीकरण द्या. निम्मी मुले दोन्ही बाजूंचा क्ष 'उडवतात' आणि क्ष = ५ लिहितात. क्ष उडवणे म्हणजे क्षने भागणे, आणि क्ष शून्य असू शकतो हे त्यांच्या ध्यानी येत नाही. क्ष = ० हे मूळ हरवते. त्याऐवजी सगळे एका बाजूला घेऊन क्ष(क्ष − ५) = ० असे अवयव पाडायला लावावे. हरवलेले मूळ किरकोळ असते असेही नाही. सेकंदाला २० मीटर वेगाने वर फेकलेला चेंडू जमिनीवर केव्हा असतो, यासाठी २०त − ५त² = ० हे समीकरण येते. 'त' उडवला की त = ४ एवढेच उरते. चेंडू चार सेकंदांनी खाली आला हे वहीत लिहिलेले असते, पण तो त = ० ला जमिनीवरूनच निघाला होता, हे उत्तरातून गायब झालेले असते.